‘रूड’ला मराठीत उद्धट म्हणून चालेल का?

प्रश्न थोडक्यात असा. पुण्यातल्या एका कंपनीत काम करणाऱ्या आणि लंडनच्या ग्राहकाशी रोज मेलवर बोलणाऱ्या एका ताईंना तिकडच्या मॅनेजरबाईंनी कळवलं, की तुमची मेल ‘अ बिट अब्रप्ट’ वाटली. मेलमध्ये तीनच वाक्यं होती: ‘प्लीज सेंड द साइन्ड फाइल टुडे. आय हॅव अ डाउट इन क्लॉज फोर. काइंडली रिव्हर्ट.’ ताईंनी शब्दकोश उघडला, तर रूड, ब्लंट, कर्ट, अब्रप्ट, इम्पर्टिनंट, इन्सोलंट या सगळ्यांपुढे उद्धट, उर्मट, असभ्य हेच शब्द आलटून पालटून. म्हणून त्या विचारतात: मला उद्धट म्हटलंय का? आणि या सगळ्या शब्दांत नेमका फरक काय?

तुम्हाला उद्धट म्हटलेलं नाही. अब्रप्ट म्हणजे तुटक. तुमचं बोलणं मध्येच तोडल्यासारखं वाटलं, एवढंच त्या बाई सांगतायत. ते सांगण्याची तसदी त्यांनी घेतली, म्हणजे त्यांना तुमच्याबरोबर पुढे काम करायचंय. फक्त एक लक्षात ठेवा, ब्रिटिश माणसाच्या तोंडचं ‘अ बिट’ दिसतं तेवढं लहान नसतं. ‘अ बिट लेट’ म्हणजे बऱ्याचदा चांगलाच उशीर झालेला असतो आणि ‘अ बिट डिसअपॉइंटेड’ म्हणणाऱ्याला खरोखर वाईट वाटलेलं असतं. तेव्हा मेल खटकली हे खरं. का खटकली ते समजून घेण्यासारखं आहे, कारण त्यात तुमच्या स्वभावाचा काहीच दोष नाही. तुमच्या मनात होता तो आदर मराठीतून इंग्रजीत जाताना वाटेत गळून पडला. मी २६ वर्षं इंग्रजी-मराठी अनुवाद करतो आणि नोकरी करणाऱ्या मोठ्या माणसांना इंग्रजी शिकवतो. व्याकरणाच्या चुकांपेक्षा ही गळती मी जास्त वेळा पाहिली आहे, आणि चांगल्या, मायाळू माणसांना ती फार महागात पडते.

आधी ‘उद्धट’कडे बघू. मराठीत उद्धट कोण असतो? शिक्षकांना उलट बोलणारा विद्यार्थी, सासूला तोंडावर उत्तर देणारी सून, साहेबापुढे खिशात हात घालून उभा राहणारा कारकून. म्हणजे खालच्या पायरीवरच्या माणसानं वरच्याची पायरी मानली नाही, तर तो उद्धट. तोच साहेब शिपायावर खेकसला तर त्याला आपण सहसा उद्धट म्हणत नाही. तो मग्रूर ठरतो, तिरसट ठरतो, नाहीतर ‘साहेब जरा तापट आहेत’ एवढ्यावर सुटतो. शब्दातच दिशा आहे, खालून वर.

इंग्रजी ‘रूड’ला ही दिशा नाही. वेटरशी मान वर न करता बोलणारा कोट्यधीश रूड असतो, रांगेत मध्येच घुसणारे आजोबा रूड असतात आणि बसमध्ये परक्या बाईकडे टक लावून पाहणारं शाळकरी पोरही रूड असतं. समोरच्याच्या वेळेची, जागेची, मनाची कदर केली नाही की झालं. वयाचा, हुद्द्याचा प्रश्नच येत नाही. म्हणून कुणी गोरा साहेब ‘आय वॉज रूड टु यू यस्टरडे, आय ॲम सॉरी’ असं हाताखालच्या माणसाला म्हणतो, त्याचा अनुवाद ‘मी काल तुझ्याशी उद्धटपणे वागलो’ असा केला तर वाचणारा अडखळतो. मी तिथे ‘काल मी तुमच्याशी नीट बोललो नाही’ असं लिहितो. ‘नीट बोलला नाही’ हे साधं मराठी वाक्य रूडच्या सगळ्यांत जवळ जातं असं माझं मत आहे, आणि ते कुठल्याच शब्दकोशात सापडायचं नाही.

दिशा हा धागा एकदा हाती आला की शब्दांचा गुंता बराचसा आपोआप सुटतो. खालून वर जाणारे शब्द वेगळे. इन्सोलंट हा आपल्या उद्धटचा खरा सख्खा भाऊ. त्यात सत्ता मानायला उघड नकार असतो, म्हणून सैन्यातल्या, तुरुंगातल्या, शाळेतल्या वर्णनांत तो जास्त भेटतो. इम्प्युडंटच्या पोटात लाज या अर्थाचा लॅटिन शब्द आहे. ज्याला लाज नाही तो इम्प्युडंट, म्हणजे आपला कोडगा. इम्पर्टिनंटची गोष्ट मला सगळ्यांत आवडते. त्याचा मूळ अर्थ ‘ज्याचा या विषयाशी संबंध नाही असा’, म्हणजे असंबद्ध. पुढे तो माणसांना लागू झाला: ज्या गोष्टीशी तुझा संबंध नाही तिथे तू तोंड घालतोस, म्हणून तू इम्पर्टिनंट. नव्या सुनेनं पहिल्याच दिवशी सासऱ्यांना त्यांचा पगार विचारला तर ते इम्पर्टिनंट होईल. यासाठी आपल्याकडे ‘आगाऊ’ हा इतका चपखल शब्द असताना शब्दकोशांनी ‘उर्मट’ का लिहावं, हे मला आजवर कळलेलं नाही. आणि चीकी? नातवानं आजोबांना विचारलं, ‘तुमचे दात रात्री पेल्यात का झोपतात?’ तर ते चीकी. ब्रिटिश माणूस हा शब्द उच्चारताना अर्धा हसत असतो. आपला ‘वात्रट’ तिथे नेमका बसतो.

वरून खाली जाणारे शब्द वेगळे, आणि हे मराठी माणसाला ऐकू येतात पण ओळखता येत नाहीत. कारण त्यात शब्द बहुधा गोडच असतात. पेट्रनायझिंग म्हणजे पाठीवर थाप मारत समोरच्याला लहान करणं. ‘वेल डन, दॅट्स क्वाइट गुड इंग्लिश!’ असं वीस वर्षं इंग्रजीत काम केलेल्या माणसाला म्हणणं हे पेट्रनायझिंग. सुपरसिलियस या शब्दात लॅटिनमधली भुवई आहे. भुवई उंचावून बघणाऱ्याचा तो शब्द. कंडिसेंडिंगचा अर्थ शब्दशः ‘खाली उतरणारा’, आणि एके काळी ती स्तुती होती. जेन ऑस्टिनच्या १८१३ सालच्या ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मधले पाद्री कॉलिन्स आपल्या आश्रयदात्या बाईसाहेबांच्या कंडिसेन्शनचं भरभरून कौतुक करतात. एवढ्या मोठ्या बाई आपल्यासारख्याशी बोलायला खाली उतरतात, म्हणून. आज कुणाला कंडिसेंडिंग म्हटलं तर भांडण होईल. आपल्या ‘शिष्ट’चं हेच झालं. शिष्टाचारातला शिष्ट हा सुसंस्कृत माणूस, पण ‘ती ना, फार शिष्ट आहे’ असं चाळीत म्हटलं की ती नाकानं कांदे सोलणारी ठरते. अशिष्ट म्हटलं तरी वाईट आणि शिष्ट म्हटलं तरी वाईट.

तिसरा गट तुमच्या कामाचा. यात दिशा नाही, बोलण्याचा आकार आहे. कर्ट म्हणजे कापून आखूड केलेला. अब्रप्ट म्हणजे तुटलेला. तुटलेल्या कड्यालाही इंग्रजीत हाच शब्द लावतात. आपणही ‘तोडून बोलला’, ‘तुटक वागली’ म्हणतो, तेव्हा दोन्ही भाषांना एकच चित्र सुचलंय. या दोन शब्दांत फरक थोडाच, पण आहे. कर्ट म्हटलं की मुद्दाम आखडतं घेतल्याचा संशय असतो. अब्रप्टमध्ये तो संशय कमी. सुरुवात नाही, शेवट नाही, एकदम विषयालाच हात, असं काहीसं. ब्रूस्क हा मुळात आंबट-तुरट या अर्थाच्या इटालियन शब्दावरून फ्रेंचमार्गे आलेला. घाईत असलेल्या, कामात बुडालेल्या, चेहऱ्यावर हसू नसलेल्या डॉक्टरांना तो शोभतो. तुमच्या मॅनेजरबाईंनी कर्ट न म्हणता अब्रप्ट म्हटलं, म्हणजे तुमच्या हेतूवर त्यांनी शंका घेतलेली नाही.

ब्लंट या गटात बसत नाही, कारण त्याचा संबंध आकाराशी नसून आशयाशी आहे. जे कटू आहे ते वेष्टणाशिवाय सांगणं म्हणजे ब्लंट. शब्दाचा मूळ अर्थ बोथट. मराठीत लागणारं बोलणं धारदार असतं, जीभ तलवारीसारखी चालते. इंग्रजीत धार गेलेलं हत्यारही लागतं, कारण ते सोट्यासारखं बसतं. आपल्याकडे परखड ही स्तुती आहे, फटकळ ही अर्धी तक्रार आहे, आणि ब्लंट या दोघांच्या मध्ये कुठेतरी उभा आहे. बोलणाऱ्याच्या चेहऱ्यावरून आणि पुढच्या वाक्यावरून ठरवावं लागतं. उत्तर इंग्लंडमधल्या यॉर्कशरच्या लोकांना आपल्या ब्लंट बोलण्याचा अभिमान आहे, तिथे तो प्रामाणिकपणा समजला जातो. मी सांगलीकडचा. आमच्या भागातलं ‘काय रं, कुठं तडफडायलाईस?’ हे ऐकून पुण्यातल्या माझ्या पहिल्या घरमालकीणबाई दचकल्या होत्या. आम्हाला त्यात ‘किती दिवसांनी भेटलास’ एवढंच ऐकू येतं. म्हणून यॉर्कशरचा माणूस मला कधी परका वाटला नाही.

आता ‘रूड’चं मूळ, कारण त्यावाचून या शब्दाचे तीन-चार आजचे अर्थ सुटे सुटे वाटत राहतात. लॅटिनमध्ये ‘रुडिस’ म्हणजे कच्चा, न घडवलेला, ओबडधोबड. न तासलेला दगड रुडिस. अडाणी माणूसही रुडिस. रुडिमेंट म्हणजे प्राथमिक धडे हा शब्द तिथूनच आला आणि एरुडाइट म्हणजे विद्वान हाही: ज्याला ओबडधोबडपणातून बाहेर काढलंय तो. याच्या उलट पोलाइट म्हणजे पॉलिश केलेला, घासूनपुसून चकचकीत. थॉमस ग्रेनं १७५१ साली छापलेल्या विलापिकेत खेड्याच्या स्मशानात झोपलेल्या पूर्वजांना रूड म्हटलंय, ते साधेभोळे, अशिक्षित या अर्थानं, मायेनं. अमेरिकेत इमर्सननं १८३७च्या कवितेत काँकर्डचा पूल रूड म्हटलाय, कारण तो ओबडधोबड लाकडांचा होता. पूल काही कुणाला उलट बोलत नव्हता.

हा जुना अर्थ आजही जिवंत आहे. ‘ग्रँडमदर इज इन रूड हेल्थ’ म्हणजे आजी ठणठणीत आहे, रांगड्या प्रकृतीची आहे. एका होतकरू अनुवादकानं याचं ‘आजीची तब्येत असभ्य आहे’ असं केलेलं मी स्वतः दुरुस्त केलंय. त्याचा दोष नव्हता, त्याच्या शब्दकोशानं त्याला एकच दार दाखवलं होतं. ‘रूड अवेकनिंग’ म्हणजे खाडकन डोळे उघडणं. आणि ब्रिटनमध्ये ‘रूड जोक’ म्हणजे चावट विनोद, ‘रूड वर्ड’ म्हणजे शिवी किंवा अश्लील शब्द. अमेरिकन कानाला हा अर्थ तितकासा सवयीचा नाही. ‘रूड जेस्चर’ही असंच. फोटो काढताना आपली मुलं दोन बोटांचं ‘व्ही’ करतात. तळहात समोरच्याकडे असेल तर ठीक, पण हाताची मागची बाजू समोर आली तर ब्रिटनमध्ये ती उघड शिवी होते. परदेशी जाणाऱ्या मुलांना मी हे आवर्जून दाखवतो.

या मुळांत उतरलं की एक गोष्ट अस्वस्थ करते. असभ्यपणाचे कितीतरी इंग्रजी शब्द म्हणजे शेतकऱ्याला घातलेल्या शिव्या आहेत. बूरिश मधला बूर हा डच ‘बूर’ म्हणजे शेतकरी. चर्लिश मधला चर्ल हा जुन्या इंग्लंडातला साधा कुणबी. व्हिलन, म्हणजे आज सिनेमातला खलनायक, हा मूळचा जमीनदाराच्या ‘व्हिला’वर राबणारा माणूस. व्हल्गर म्हणजे सर्वसामान्य लोकांचा. आणि चांगल्या बाजूला बघा: कर्टियस दरबारातून आला, सिव्हिल आणि अर्बेन शहरातून. आपल्याकडेही सभ्य हा सभेत बसणारा, नागर हा नगरातला आणि ग्राम्य व गावंढळ म्हणजे वाईट. शब्द कुणी घडवले ते यावरून स्पष्ट दिसतं. माझे वडील शेतकरी होते, आयुष्यात त्यांनी दारावर आलेल्या कुणाला पाणी विचारल्याशिवाय सोडलं नाही. ‘गावंढळ’ हा शब्द मी अनुवादात वापरत नाही. मूळ लेखकाला तोच अर्थ हवा असेल तेव्हाही मन खातं.

आता तुमच्या गळतीकडे येतो. मराठीत आदर कुठे राहतो? सर्वनामात आणि क्रियापदाच्या शेपटीत. ये आणि या, बस आणि बसा, सांग आणि सांगा. एका कान्यावर सगळा शिष्टाचार उभा आहे. अरे-तुरे आणि अहो-जाहो हे आपल्याकडे भांडणाचे आणि लग्नाचेही विषय होतात. इंग्रजीतही एके काळी हे होतं. दाउ म्हणजे तू, यू म्हणजे तुम्ही. १६०३ साली सर वॉल्टर रॅलेवर राजद्रोहाचा खटला चालला, तेव्हा सरकारी वकील एडवर्ड कोक भर न्यायालयात त्यांच्यावर ओरडले, ‘आय दाउ दी, दाउ ट्रेटर!’ मराठीत: ‘तुला मी अरे-तुरेच करणार, देशद्रोह्या!’ यातला अपमान समजायला मराठी माणसाला तळटीप लागत नाही. आजच्या इंग्रज मुलाला लागते. त्याच शतकात क्वेकर पंथाच्या लोकांनी उलट टोक गाठलं. देवापुढे सगळे सारखे, म्हणून त्यांनी न्यायाधीशालाही दाउ म्हणायचं ठरवलं आणि त्यापायी मार खाल्ला. पुढे प्रमाण इंग्रजीतून दाउ जवळजवळ नाहीसाच झाला. उरला तो ‘यू’, म्हणजे ‘तुम्ही’. इंग्रजीत सगळ्यांना अरे-तुरे करतात असं आपल्याकडे सर्रास म्हणतात. ते बरोबर उलटं आहे: इंग्रजीत आता कुत्र्यालाही अहो-जाहो आहे.

पण सगळेच ‘तुम्ही’ झाले की ‘तुम्ही’त आदर उरत नाही. तो दुसरीकडे जातो. इंग्रजीत तो गेला कुड, वुड, माइट या शब्दांत, वाक्याला प्रश्न करण्यात, ‘आय वॉज वंडरिंग’ सारख्या लांबणीत, थँक्स आणि सॉरीच्या अखंड शिडकाव्यात. आपण ‘बसा’ म्हणतो आणि मनातल्या मनात त्याचं ‘सिट’ करतो. ‘बसा’तल्या कान्याइतका मान ‘सिट’मध्ये कुठेच नाही, ते कुत्र्याला सांगतात तसं ऐकू येतं. ‘प्लीज हॅव अ सीट’ म्हणावं लागतं. फोनवर आपलं ‘हां, बोला’ किती आपलेपणाचं असतं! त्याचं ‘यस, टेल मी’ झालं की समोरच्याला वाटतं, आपण तक्रार घेऊन खिडकीशी उभे आहोत. ‘कोण बोलतंय?’ हे ‘हू आर यू?’ झालं की ती दरडावणी होते. ‘हू ॲम आय स्पीकिंग टु, प्लीज?’ असं विचारायचं. ‘चहा?’ ‘नको.’ यात मराठीत काहीच वावगं नाही, पण ‘आय डोन्ट वॉन्ट’ हे यजमानाच्या तोंडावर दार लावल्यासारखं आहे. ‘आय ॲम फाइन, थँक्स’ एवढं पुरतं.

पेनेलोपी ब्राउन आणि स्टीव्हन लेविन्सन यांनी १९७८मध्ये मांडलेली सभ्यतेची उपपत्ती इथे फार उपयोगी पडते. त्यांनी इंग्रजी, मेक्सिकोतली त्झेल्ताल आणि आपल्या कोइमतूरकडची तमिळ अशा तीन भाषा ताडून पाहिल्या. त्यांचं म्हणणं सोप्या मराठीत असं: माणसाला दोन गोष्टी हव्या असतात. आपल्याला कुणी आपलं म्हणावं ही एक, आणि आपल्यावर कुणी लादू नये ही दुसरी. मराठी घर पहिलीला जपतं. म्हणून आपण पानात आग्रहानं वाढतो, पाहुणा नको नको म्हणतोय तरी आणखी एक पुरणपोळी सरकवतो, आणि आईला थँक्यू म्हणत नाही, कारण ते परकेपणाचं वाटतं. इंग्रज माणूस दुसरीला जपतो. समोरच्याला ‘नाही’ म्हणायची वाट मोकळी ठेवणं ही त्याची सभ्यता. ‘कुड यू पॉसिब्ली सेंड इट टुडे?’ या वाक्यात तो विनंतीबरोबर एक उघडं दारही देतो. ‘प्लीज सेंड इट टुडे’मध्ये दार नाही. प्लीज लावलं तरी आज्ञा ती आज्ञाच राहते, फक्त इस्त्री केलेली. तुमच्या पहिल्या वाक्याचं हे झालं.

दुसऱ्या वाक्यातला ‘डाउट’ जास्त नुकसान करतो. आपली ‘शंका’ निर्मळ असते. वर्गात हात वर करून शंका विचारणारा मुलगा गुणी. पण ब्रिटन-अमेरिकेत ‘आय हॅव अ डाउट’ म्हणजे मला हे पटत नाही, यात काहीतरी गडबड दिसते. करारातल्या कलमाबद्दल असं लिहिलं तर समोरची व्यक्ती वकिलाकडे बघते. तिथे ‘क्वेश्चन’ म्हणायचं. तिसऱ्या वाक्यातलं ‘काइंडली’ आपण सरकारी ‘कृपया’च्या जागी शिकलो. तिकडे ते ताठ वाटतं. चिडलेला माणूस दात आवळून ‘वुड यू काइंडली शट द डोअर’ म्हणतो, त्याची आठवण येते. ‘रिव्हर्ट’ म्हणजे मूळ स्थितीला परत जाणं, उत्तर देणं या अर्थानं तो त्यांना बहुतेक वेळा समजतो, पण अडखळवतो. ‘रिप्लाय’ किंवा ‘लेट मी नो’ सरळ आहे.

आणखी दोन शब्दांबद्दल सांगितल्याशिवाय राहवत नाही, कारण आपली पाठ्यपुस्तकंच ते चुकीचे शिकवतात. ‘यू हॅड बेटर’ हा सल्ला म्हणून पाठ करून घेतात. प्रत्यक्षात त्याच्या मागे ‘नाहीतर बघ’ दडलेलं असतं. ‘यू हॅड बेटर चेक द इन्व्हॉइस’ हे वरिष्ठाला लिहिणं म्हणजे धमकी. आणि ‘ऑफ कोर्स’. फाइल तयार आहे का, असं विचारल्यावर आपण उत्साहानं ‘ऑफ कोर्स’ म्हणतो, ‘हो तर!’ या अर्थानं. समोरच्याला ऐकू येतं, ‘हे काय विचारणं झालं?’ मदत मागितल्यावर ऑफ कोर्स चालतं, माहिती विचारल्यावर नाही.

शब्द बरोबर असूनही गाडी घसरते ती सुरात, आणि याचं मला माहीत असलेलं सगळ्यांत बोलकं उदाहरण आपल्याच बायकांचं आहे. लंडनच्या हीथ्रो विमानतळावरच्या कर्मचाऱ्यांच्या उपाहारगृहात भारतीय आणि पाकिस्तानी स्त्रिया नव्यानं वाढपाचं काम करू लागल्या. जेवायला येणारे आणि वरिष्ठ, दोघांचीही तक्रार की या बायका ‘सर्ली’ आहेत, म्हणजे तुसड्या. भाषावैज्ञानिक जॉन गंपर्झ यांनी त्या काय बोलतात ते ध्वनिमुद्रित केलं. बोलणं फारच थोडं होतं. मांसाबरोबर रस्सा हवा का हे विचारायला इंग्रज वाढपी एकच शब्द चढत्या सुरात म्हणायचा, ‘ग्रेव्ही?’ या स्त्रिया तोच शब्द उतरत्या सुरात म्हणायच्या, ‘ग्रेव्ही.’ आपल्याकडे तो साधा, नम्र सूर. इंग्रज कानाला ते ऐकू यायचं, ‘ही ग्रेव्ही आहे, घ्यायची तर घ्या.’ ध्वनिफीत ऐकवून दोन्ही बाजूंना हे समजावल्यावर संबंध सुधारले. त्याआधी त्या स्त्रियांना मात्र वाटत होतं की आपल्या रंगामुळे हे लोक आपल्यावर चिडतात, आणि असं वाटायला त्यांना इतर कारणंही भरपूर होती. एका शब्दाचा सूर, आणि त्यापायी किती दिवसांचा मनस्ताप! हेच गंपर्झ आमच्या सांगलीजवळच्या कुपवाडला येऊन गेले होते. तिथले लोक मराठी, कन्नड आणि उर्दू एकमेकांत कसे मिसळतात यावरचा त्यांचा आणि रॉबर्ट विल्सन यांचा १९७१चा लेख जगभर वाचला जातो. तोंडानं एक बोलणं आणि कानानं दुसरं ऐकणं यांतलं अंतर त्यांना इतकं नेमकं सापडलं, याचं श्रेय मी मनातल्या मनात थोडंसं कुपवाडलाही देतो.

देश आणि काळ बदलला की वजन बदलतं, हेही थोडक्यात. १९१४ साली लंडनच्या रंगभूमीवर बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’मधली फुलवाली ‘ब्लडी’ म्हणाली तेव्हा केवढा गहजब झाला. आपण ते नाटक पुलंच्या ‘ती फुलराणी’मुळे ओळखतो. आज तोच शब्द लंडनमध्ये ‘भलताच’ एवढ्या अर्थानं चालतो. २००८च्या सिडनी कसोटीत ऑस्ट्रेलियाच्या ब्रॅड हॉगवर अनिल कुंबळे आणि धोनी यांना ‘बास्टर्ड’ म्हटल्याची तक्रार भारतीय संघानं केली आणि नंतर मागे घेतली. ऑस्ट्रेलियात हा शब्द मित्राला मिठी मारतानाही वापरतात. आपल्याकडे तो आईपर्यंत पोहोचतो. दोन्ही बाजूंचं ऐकणं आपापल्या जागी खरं होतं. माझा सल्ला एवढाच, की असले शब्द परक्या भाषेत आपण कधी प्रेमानं वापरू नयेत. ती मुभा त्या मातीतल्या लोकांनाच असते.

आता मेल. ती अशी लिहा: ‘हाय, होप यू आर वेल. कुड यू सेंड मी द साइन्ड फाइल टुडे, इफ पॉसिबल? आय ऑल्सो हॅव अ क्विक क्वेश्चन अबाउट क्लॉज फोर.’ इथे प्रश्न लगेच लिहून टाका, नुसतं ‘प्रश्न आहे’ म्हणून थांबू नका. तेही तुटकच वाटतं. शेवटी ‘थँक्स’ आणि तुमचं नाव. हाय नंतर त्या बाईंचं नाव घालायला विसरू नका, त्यांच्याकडे मॅडम म्हणत नाहीत.

आणि त्यांनी जे कळवलं त्याचं उत्तर लांबलचक माफीनं देऊ नका. आपल्याकडे पुन्हा पुन्हा क्षमा मागणं नम्रपणाचं, तिकडे त्यानं समोरच्याला अवघडल्यासारखं होतं, तुमची समजूत घालण्याचं काम त्यांच्यावर पडतं. दोनच वाक्यं पाठवा: ‘थँक यू फॉर लेटिंग मी नो. आय डिडन्ट मीन इट टु साउंड अब्रप्ट.’ आणि त्याच मेलमध्ये, पुढच्या ओळीवर, चौथ्या कलमाबद्दलचा तुमचा प्रश्न विचारा.